गोष्ट सुरू होते लग्नानंतर...

'सैराट'चा शेवट आठवतोय? २०१६ चा उन्हाळा, 'झिंगाट'वर नाचून दमलेलं थिएटर आणि शेवटी पडद्यावरचा आवाजच गायब. आर्ची-परशाचं लहानगं पोरगं दारातून आत येतं, घरात काय झालंय ते बघतं आणि रडत बाहेर चालायला लागतं. त्याचं रडणं दिसतं, ऐकू मात्र येत नाही. नागराज मंजुळे यांनी त्या क्षणी संगीत बंद केलं, संवाद बंद केले, आणि दोन-अडीच तास शिट्ट्या मारणारी पब्लिक चिडीचूप झाली. थोडक्यात काय, आपल्यापैकी बहुतेकांनी 'सैराट'च्या निमित्ताने काही मिनिटांचा का होईना, मूकपट पाहिलेला आहे. आणि तो आपल्याला कळलाही होता. कोणी समजावून सांगावा लागला नाही.

आता असा विचार करा, की अख्खा सिनेमाच असा आहे. जवळपास दीड तास. त्यात प्रेम आहे, घराणं आहे, सासू आहे, नणंद आहे, आईपुढे तोंड न उघडणारा नवरा आहे. फक्त आवाज नाही. आणि तो बनलाय १९३४ साली, जपानमध्ये. नाव 'कागिरिनाकी होदो', म्हणजे साधारण 'न संपणारा रस्ता'. दिग्दर्शक मिकिओ नारुसे.

'यवतमाळात बसून नव्वद वर्षांपूर्वीचा जपानी मूकपट कशाला पाहायचा बुवा?' हा प्रश्न रास्त आहे. उत्तर एवढंच, की त्यातला प्रश्न आपल्या घरातला आहे. 'तुझं प्रेम मोठं की घर मोठं?' हा डायलॉग पुसदमध्ये, वणीत, दारव्ह्यात कुठल्या ना कुठल्या घरात याही आठवड्यात कोणीतरी ऐकला असेल. फरक इतकाच, की नारुसे हा प्रश्न विचारतो तो लग्न झाल्यावर.

गिंझातली वेट्रेस

गोष्ट साधी आहे. टोकियोतला गिंझा भाग म्हणजे तेव्हाची सगळ्यात झगमगती बाजारपेठ. दुकानं, ट्राम, मोटारी, सूट घातलेले बाबू, किमोनो घातलेल्या बायका. सिनेमाच्या सुरुवातीला नारुसे हा रस्ताच दाखवतो. तिथल्या एका कॅफेत सुगिको वेट्रेस आहे. केसाको ही तिची मैत्रीण आणि रूम पार्टनर. सुगिकोला एक धाकटा भाऊही आहे. तिचं हारादा नावाच्या तरुणावर प्रेम आहे, पण त्याच्या घरच्यांनी त्याच्यासाठी दुसरी मुलगी बघून ठेवलीये. म्हणजे पहिल्या दहा-पंधरा मिनिटांतच घर मध्ये आलं.

एके दिवशी सुगिकोला एका मोटारीचा धक्का लागतो. मोटार चालवणारा असतो हिरोशी यामानोउची, श्रीमंत घराण्याचा मुलगा. या अपघातामुळे तिची आणि हारादाची चुकामूक होते, गैरसमज होतो आणि तो तिच्या आयुष्यातून निघून जातो. मोबाईल नसलेल्या काळात एक भेट चुकली की माणूस हरवायचा! इकडे हिरोशी तिची विचारपूस करता करता तिच्या प्रेमात पडतो.

याच दरम्यान एका फिल्म स्टुडिओची माणसं सुगिकोला नटी होण्याची ऑफर देतात. ती नाही म्हणते. ती संधी केसाको घेते. हिरोशीच्या घरच्यांनी त्याच्यासाठीही तोलामोलाचं स्थळ ठरवलेलं असतं. तो घरच्यांचं न ऐकता सुगिकोशी लग्न करतो.

आपला नेहमीचा सिनेमा इथे संपला असता. हिरोने बापाचा विरोध मोडला, हार घातले, 'द एन्ड'. नारुसेची खरी गोष्ट इथून सुरू होते.

उंबरठ्याच्या आत

यामानोउचींच्या घरात हिरोशीची आई आहे आणि बहीण आहे. दोघीही सुगिकोला मारत नाहीत, उपाशी ठेवत नाहीत, घराबाहेर काढत नाहीत. त्या तिला फक्त रोज जाणवून देतात, की तू इथली नाहीस. कसं बसावं, काय घालावं, पाहुण्यांसमोर कसं बोलावं, सगळ्यात तिची उणीदुणी. एक वेट्रेस आपल्या घरची सून झाली याची लाज त्यांच्या नजरेत आहे. सिनेमात आवाज नसल्यामुळे आपलं सगळं लक्ष त्या नजरांवरच राहतं. टोमण्याला शब्द लागतातच असं नाही, हे एकत्र कुटुंबात वाढलेल्या कुणालाही सांगायला नको.

आणि हिरोशी? तो वाईट माणूस नाही. त्याचं सुगिकोवर प्रेम आहे, आईवरही आहे. पण आई बायकोला बोलते तेव्हा तो मान खाली घालतो. दोन्हीकडून ताण वाढतो तसा तो दारूकडे वळतो. लग्नासाठी अख्ख्या घराशी भांडलेला हा पोरगा रोजच्या जेवणाच्या वेळी एक वाक्य बोलू शकत नाही.

मला वाटतं, हा सिनेमा कॉलेजच्या वयात पाहावा तो या माणसासाठी. पळून जायला, कोर्टात जायला, रजिस्टरवर सही करायला एक दिवसाची हिंमत पुरते. मित्र सोबत असतात, अंगात जोश असतो. त्यानंतर कधीतरी, एका साध्या संध्याकाळी, आई भाजीवरून बायकोला टोचून बोलते. तेव्हा शांतपणे 'आई, असं बोलू नको' म्हणायला वेगळी हिंमत लागते. ती रोज लागते आणि तिचा कोणी व्हिडिओ काढत नाही. हिरोशीकडे पहिली हिंमत होती, दुसरी नव्हती.

'सैराट'चा उत्तरार्धही नेमका याच जागेवर उभा आहे. आर्ची-परशा हैदराबादला पोचतात आणि तिथून गाणी कमी होतात. झोपडपट्टीतली खोली, डोशाची गाडी, बाटल्यांच्या कारखान्यातली नोकरी, पैशाची चणचण, संशय, भांडण, पुन्हा समेट. अनेकांना तेव्हा वाटलं होतं, की सेकंड हाफ स्लो आहे. पण प्रेमाची परीक्षा त्या स्लो भागातच होती. परशा आणि आर्ची ती हळूहळू पास होत होते. त्यांना हरवलं ते बाहेरून आलेल्या माणसांनी. हिरोशी आणि सुगिको घरातल्या घरातच हरले.

हॉस्पिटलमधला हिशोब

शेवटी सुगिको घर सोडते. रडत-भेकत नाही, ठरवून. त्यानंतर हिरोशीच्या मोटारीला भीषण अपघात होतो. सिनेमा एका मोटार अपघाताने सुरू झाला होता, तो दुसऱ्या अपघाताशी येऊन पोचतो. सुगिकोला हॉस्पिटलमध्ये बोलावलं जातं. नवरा मरणाच्या दारात आहे. आई आणि बहीण बाजूला उभ्या आहेत.

आपल्या मालिकांच्या सवयीप्रमाणे इथे सुनेने पदर तोंडाला लावून सासूच्या गळ्यात पडायला हवं. सुगिको तसं करत नाही. ती सासूला आणि नणंदेला तोंडावर सांगते, की तुमचं प्रेम माझ्यावर नव्हतंच, पण तुमच्या मुलावरही नव्हतं. तुमचं प्रेम होतं ते घराण्याच्या नावावर. आणि आपण परत येणार नाही हे सांगून ती निघते.

हा सीन पाहिल्यावर 'प्रेम विरुद्ध कर्तव्य' हा सगळा सामनाच वेगळा दिसायला लागतो. आपण धरून चालतो की एका बाजूला प्रेम आहे, दुसऱ्या बाजूला कुटुंब. सुगिको विचारते, त्या दुसऱ्या बाजूला खरंच कुटुंब आहे का? आईचं दुखणं काढणं, भावाची फी भरणं, बापाच्या डोक्यावरचं कर्ज वाटून घेणं हे कुटुंबाचं कर्तव्य झालं. त्यात माया आहे. पण 'लोकं काय म्हणतील', 'आपल्यात असं चालत नाही', 'पाहुण्यांत नाक कापलं जाईल' ही नावाची राखण झाली. घरात दोन्ही गोष्टींना 'कर्तव्य' हाच शब्द वापरतात, तिथेच तर घोळ आहे.

जपानी भाषेत या ओढाताणीसाठी जुनी जोडी आहे: 'गिरी' आणि 'निंज्यो'. गिरी म्हणजे समाजाचं, नात्याचं देणं. निंज्यो म्हणजे माणसाची स्वतःची माया, ओढ. चिकामात्सु मोंझाएमोन या नाटककाराने १७०३ मध्ये 'सोनेझाकी शिंजू' हे नाटक लिहिलं तेव्हापासून जपानी रंगभूमी याच दोन शब्दांवर रडत आलीये. त्या नाटकांतले प्रेमिक शेवटी मरतात. नारुसेची सुगिको मरत नाही. ती कॅफेतल्या नोकरीवर परत जाते.

एकदा हारादाही तिला दिसतो, एका बसमधून जाताना. बस निघून जाते. रस्ता मात्र तसाच पुढे चालू राहतो. म्हणून सिनेमाचं नाव 'न संपणारा रस्ता'.

तेव्हाचा कायदा, आत्ताचा कायदा

हिरोशीच्या आईची ताकद फक्त स्वभावातून आलेली नव्हती, तिच्यामागे कायदा उभा होता. जपानच्या १८९८ च्या नागरी कायद्यात 'इए' म्हणजे घराणं हा सगळ्याचा पाया होता. पुरुष ३० वर्षांचा आणि बाई २५ वर्षांची होईपर्यंत लग्नाला आई-वडिलांची संमती लागायची. कुटुंबप्रमुखाचा शब्द वेगळाच. दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४७ मध्ये नवी राज्यघटना लागू झाली आणि तिच्या २४ व्या कलमाने सांगितलं, की लग्न फक्त त्या दोघांच्या संमतीवर आधारलेलं असेल.

आपल्याकडे १९५४ चा विशेष विवाह कायदा आहे. जात-धर्म वेगळा असला तरी त्याखाली लग्न करता येतं. अर्थात ३० दिवसांची नोटीस द्यावी लागते आणि ती ऑफिसात लागते, म्हणजे गावभर बातमी जायला तेवढं पुरतं. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शक्ती वाहिनी प्रकरणात स्पष्ट सांगितलं, की दोन सज्ञान व्यक्तींनी एकमेकांना निवडल्यावर कुटुंबाची किंवा समाजाची परवानगी गरजेची नाही. कागदावर आपण यामानोउचींच्या काळाच्या कितीतरी पुढे आहोत. जेवणाच्या ताटावर किती पुढे आहोत, ते ज्याचं त्याने तपासावं.

आपल्या भागात 'घराण्याचं नाव' आता सातबारा, सरकारी नोकरी आणि शहरातला प्लॉट यांतही मोजलं जातं. शेती करणाऱ्या पोराला पोरगी मिळत नाही आणि पोरीला कोण आवडतं हे कोणी विचारत नाही. सोयरीक जुळवणाऱ्या मामा-काकांसाठी दोन्ही गोष्टी एकाच बैठकीत बसतात. त्यामुळे सुगिकोची सासू आपल्याला परकी वाटत नाही. नुसती साडी नेसवली की झालं!

आपलेही मूकपट होतेच

जपानचं कौतुक करताना आपलं घर विसरायला नको. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ सालचा. त्याचा विषय काय? दिलेल्या शब्दासाठी राजा राज्य देतो, बायको-पोरगं विकतो. म्हणजे भारतीय सिनेमाची सुरुवातच 'कर्तव्य मोठं की माया मोठी' या प्रश्नाने झाली आणि उत्तर ठरलेलं होतं: कर्तव्य. तारामतीला काय वाटलं हे कोणी विचारलं नाही. तारामतीचं काम करायला तेव्हा बाईही मिळाली नाही, ते अण्णा साळुंके या पुरुषानेच केलं.

१९ वर्षांनी 'प्रभात'ने हीच गोष्ट 'अयोध्येचा राजा' या नावाने मराठीतला पहिला बोलपट म्हणून आणली. तारामती होत्या दुर्गा खोटे. मुंबईतल्या सुशिक्षित, प्रतिष्ठित घरातली बाई सिनेमात गेली म्हणून त्यांना केवढी टीका सोसावी लागली! सिनेमात जाण्याचं त्यांचं कारणही घर चालवणं हेच होतं. म्हणजे कर्तव्य निभावायला बाहेर पडली तीच बाई घराण्याला बट्टा लावते म्हणून बोल लावला गेला. सुगिकोने नटी व्हायला नकार का दिला असेल, याचा थोडा अंदाज इथे येतो.

'न संपणारा रस्ता'नंतर तीनच वर्षांनी, १९३७ मध्ये, व्ही. शांताराम यांचा 'कुंकू' आला. नारायण हरी आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरचा. शांता आपटे यांची नीरा म्हाताऱ्या नवऱ्याशी फसवून लावलेलं लग्न मान्यच करत नाही. तीही घरात राहून नाही म्हणते. टोकियो आणि पुणे एकमेकांना न भेटता एकाच मुद्द्यावर येऊन पोचले होते.

दुःख एका गोष्टीचं आहे. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट बनले असं मानलं जातं, त्यातले आज हाताशी फार थोडे. बाबूराव पेंटर यांचा १९२५ चा 'सावकारी पाश', म्हणजे जमीन गमावून शहरात मजूर झालेल्या शेतकऱ्याची गोष्ट, आपल्या जिल्ह्यातल्या प्रत्येकाने पाहावी अशी. पण त्या मूकपटाची प्रिंट आज उपलब्ध नाही. नारुसेचीही तीच गत. त्याने २४ मूकपट केले, उरले फक्त पाच. 'न संपणारा रस्ता' हा त्याचा शेवटचा मूकपट.

नारुसे कोण होता?

१९०५ मध्ये टोकियोत, गरीब घरात जन्म. आई-वडील लवकर गेले. १५ व्या वर्षी शोचिकु कंपनीत प्रॉपर्टी सांभाळणारा पोऱ्या म्हणून लागला. दिग्दर्शक व्हायला दहा वर्षं थांबावं लागलं, त्याच्यामागून आलेले पुढे निघून गेले. या सिनेमानंतर त्याने शोचिकु सोडली. पुढे 'फ्लोटिंग क्लाउड्स' (१९५५) आणि 'व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स' (१९६०) यांमुळे जगभरचे सिनेमावेडे त्याला मानू लागले. दुसऱ्या सिनेमाची नायिकाही गिंझातच, एका बारमध्ये काम करते. पैशाची चिंता करणाऱ्या बायका हा त्याचा कायमचा विषय. त्याच्या सिनेमात बिलं, भाडं, उसने पैसे सारखे येतात. कदाचित म्हणूनच तो आपल्याला जवळचा वाटतो.

तुम्हीच व्हा बेन्शी!

जपानमध्ये मूकपट चालू असताना पडद्याशेजारी एक माणूस बसायचा किंवा उभा राहायचा. त्याला 'बेन्शी' म्हणत. तो सगळ्या पात्रांचे आवाज काढायचा, गोष्ट सांगायचा, भाष्य करायचा. काही बेन्शी तर नटांपेक्षा फेमस होते, लोक त्यांच्या नावावर तिकीट काढायचे. जपानमध्ये बोलपट आल्यावरही काही वर्षं मूकपट टिकले, त्याचं एक कारण हे बेन्शी. आपल्याकडेही थिएटरात तबला-पेटी असायची आणि ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी पडद्यावरच्या पाट्या कोणीतरी मोठ्याने वाचून दाखवायचं.

मग एक प्रयोग करायला काय हरकत आहे? हॉस्टेलच्या रूमवर किंवा कॉलेजच्या हॉलमध्ये लॅपटॉप लावा. दहा-बारा जण जमवा. मोबाईल एका पिशवीत टाका, कारण मूकपट पाहताना मान खाली गेली की सीन गेला. आणि तुमच्यातल्या सगळ्यात बोलघेवड्या मित्राला किंवा मैत्रिणीला बेन्शी करा. इंग्रजी पाट्या त्याने आपल्या भाषेत सांगायच्या. वऱ्हाडीत सांगा, गोरमाटीत सांगा, कोलामीत सांगा. सासूचा पहिला क्लोजअप आला की, 'पाहा लेकहो, कशी डोळे वटारून पाहून राह्यली!' आणि हिरोशी मान खाली घालेल तेव्हा, 'काऊन बे, तोंडात मूग धरले काय?' हसू येईल, येऊ द्या. हॉस्पिटलचा सीन येईपर्यंत बेन्शीही गप्प होतो की नाही, ते बघा.

सिनेमाच्या आत एक गंमत आहे, तीही शोधा. नायक-नायिका थिएटरात जाऊन 'द स्मायलिंग लेफ्टनंट' हा १९३१ चा अमेरिकन संगीतपट पाहतात. मूकपटातली माणसं बोलपट पाहतायत आणि आपल्याला ऐकू काहीच येत नाही!

हा आवडला तर नारुसेचाच १९३३ चा 'अपार्ट फ्रॉम यू' पाहा. त्यातली तेरुगिकु ही तरुण गेशा आहे. धाकट्या बहिणीवर तीच वेळ येऊ नये म्हणून ती स्वतःचं प्रेम बाजूला ठेवून दूर निघून जाते. सुगिको घर सोडते, तेरुगिकु प्रेम सोडते. वरवर पाहता दोघी उलट दिशांना गेल्या. पण तेरुगिकु बहिणीसाठी गेली आणि सुगिकोला मात्र एका आडनावासाठी राहायला सांगितलं जात होतं.

दोन्ही सिनेमे पाहून झाल्यावर दिवे लावा आणि एकच गोष्ट बोला: आपल्या घरात ज्याला कर्तव्य म्हणतात, त्यातलं बहिणीसाठी किती आणि आडनावासाठी किती? उत्तरं वेगवेगळी येतील. भांडणही होईल. सिनेमा मुका असला तरी त्यानंतर तुम्ही मुके राहणार नाही, हे नक्की.